आत्तीचा खून

माझा खून करायची तालीम वीस-बावीस पोरं महिनाभर करत होती, आणि त्या सकाळी त्यातल्या एकानंही कोयता उचलला नाही.

विहिरीच्या काठावर कॅमेरा लागला होता. मी नर्सच्या पांढऱ्या साडीत, कपाळावर रंगवलेली जखम घेऊन उभी होते. समोर पोरं मांडी घालून ओळीनं बसली होती आणि त्यांनी आपापले लाकडी कोयते, चंदेरी रंग दिलेले, मधोमध नीट रचून ठेवले होते. शलाका, म्हणजे आमची दिग्दर्शिका, त्यांच्यापाशी गेली आणि काय झालं म्हणून विचारू लागली.

सगळ्यांत पुढे वैजू बसली होती. नऊ वर्षांची, दोन वेण्यांची, पोरांच्या टोळीची म्होरकी. सिनेमातही आणि गावातही.

"आत्तीला न्हाई मारत आमी," ती म्हणाली.

"कोण आत्ती?"

वैजूनं हनुवटीनं माझ्याकडे दाखवलं. "ही."

मला आधी हसू आलं. मग शलाकाचा चेहरा पाहिला आणि हसू गिळलं.

सिनेमाचं नाव 'पोरवाडी'. दुष्काळी मुलखातलं बाजाराचं एक गाव, तिथं एकही मोठं माणूस उरलेलं नाही. दुकानं पोरं चालवतात, पिठाची गिरणी पोरं चालवतात, शाळेची घंटाही तीच देतात, आणि बाहेरून कुणी मोठं माणूस आलंच तर त्याला विहिरीवर नेतात. मी त्यात लस टोचायला आलेली नर्स होते, सगळ्यांत शेवटी मरणारी. या गोष्टीला आता वीस वर्षं झाली. तोवर मी नाटकांत आणि मालिकांत खाष्ट जावा, चोंबड्या शेजारणी आणि अंथरुणाला खिळलेल्या बायका एवढंच केलं होतं. लोक मला पहिल्यांदाच शेवटपर्यंत बघणार होते. त्यासाठी मरावं लागलं तरी माझी ना नव्हती.

शलाका उकिडवे तेव्हा तिशीची असेल. अंगानं काडी आणि आवाज त्याहून बारीक. सेटवर ती कधी ओरडली नाही. जवळ यायची आणि कानाशी सांगायची, त्यामुळे सगळे आपोआप कान देऊन ऐकायचे. ही गोष्ट उराशी धरून तिनं कित्येक वर्षं निर्मात्यांचे उंबरे झिजवले होते. खेड्यातली पोरं घेऊन भीतीचा सिनेमा कोण बघणार, असं तिला प्रत्येकानं चहा पाजून सांगितलं होतं. शेवटी एकजण तयार झाला, तोही कुरकुरत. त्यात आमचे दिवस वाढले, तो वैतागला, आणि त्याचा निरोप आला की संध्याकाळी कॅमेरा परत निघेल, मग तुमचा सिनेमा झालेला असो वा नसो. राहिलं होतं ते एकच दृश्य, माझ्या खुनाचं. ते नसेल तर बाकीची सगळी रिळं डब्यात पडून राहणार होती, आणि शलाकाला पुन्हा कुणी दारात उभं करणार नव्हतं.

बाकीचे खून पोरांनी फार आवडीनं केले होते. पोस्टमन मारला, सरपंच मारला, गुरांचा डॉक्टर मारला. सरपंचाचं काम करणारा नट चांगला सहा फुटी गडी, पण वैजू समोर येऊन उभी राहिली की त्याची पाचावर धारण बसायची. त्यात अभिनय किती होता हे त्याचं त्यालाच ठाऊक.

वैजू शलाकाला सापडली ती बाजारात. तिची आई अनुसयाबाई गेजगे भाजी विकायच्या. त्या कुठं उठून गेल्या की वैजू पाट्यांपाशी बसायची. एका गिऱ्हाइकानं मूठभर मिरच्या हळूच आपल्या पिशवीत सारल्या. वैजू बोलली नाही, ओरडली नाही, नुसती त्याच्याकडे बघत राहिली. त्या माणसानं मिरच्या परत टाकल्या आणि विकत घेतलेली वांगी तिथंच विसरून तो चालता झाला. शलाका सरबताचा ग्लास अर्धा ठेवून उठली आणि तिथंच तिनं ठरवलं.

त्या पोरीचं मला नवल वाटायचं. कॅमेरा सुरू व्हायच्या क्षणापर्यंत ती चिंच चघळत, पाय हलवत, धाकट्यांना टपल्या मारत असायची. शलाकानं 'हं' म्हटलं की चेहरा पुसल्यासारखा कोरा व्हायचा. मी पंधरा वर्षं रंगमंचावर काढली होती आणि मला ते जमत नव्हतं. मला हेवा वाटायचा, तो मी कबूल करते, पण हेव्याहून जास्त कौतुक वाटायचं. तिच्यासमोर उभं राहायचं म्हणून मी माझी वाक्यं दुप्पट घोटत होते.

खून झाला की गावातल्या आया यायच्या. पोरांकडे ढुंकूनही न बघता त्या मेलेल्या नटाला खुर्चीवर बसवायच्या आणि मीठ-मोहऱ्यांनी त्याची दृष्ट काढायच्या. आमच्या पोरांनी असं वंगाळ मारलं तुमास्नी, मनाला लावून घिऊ नगा, असं म्हणायच्या. पोस्टमन झालेला मुलगा मुंबईचा, तो बिचारा दरवेळी गोंधळून त्यांना थँक्यू म्हणायचा.

मी अनुसयाबाईंच्याच घरी पुढच्या खोलीत राहत होते. त्यांचे यजमान म्हाळू गेजगे यांची पिठाची गिरणी होती आणि सिनेमात दिसते ती तीच. मला घरात सगळे म्याडम म्हणायचे. म्याडम, च्या घ्या. म्याडम, पाणी तापलंया. माझ्या खुनाच्या आदल्या संध्याकाळी मी ओट्यावर वाक्यं पाठ करत बसले होते, तर अनुसयाबाई आतून म्हणाल्या, जरा देवापाशी येऊन बसा.

आत पाट मांडलेला होता. त्यांनी मला त्यावर बसवलं, हळद-कुंकू लावलं आणि माझ्या पदरात तांदूळ, नारळ आणि एक हिरवा खण घातला. हे कशासाठी, असं मी विचारलं.

"उद्या तुमास्नी मारत्यात," त्या अगदी साध्या आवाजात म्हणाल्या. "खोटं का आसंना. पर मोकळ्या ओटीनं बाईनं असल्या कामाला जाऊ नये. तुमचं म्हायार हितं कुठं जवळ? म्हून म्या भरली." मग पाच वेळा ओटी भरून झाली तशी त्यांनी माझ्या डोक्यावरचा पदर सारखा केला आणि म्हणाल्या, "आता उठा, वन्सं."

दुपारपर्यंतची म्याडम संध्याकाळी वन्सं झाली होती. वैजू आणि तिची निम्मी टोळी दारात उभी राहून सगळं बघत होती. मी नारळ सांभाळत खोलीत गेले आणि दार लावून घेतलं. थोड्या वेळानं वैजूनं बाहेरूनच विचारलं, "आत्ती, जेवायला येतीस न्हवं?"

तर असं ते आत्ती प्रकरण. ओटी भरली म्हणजे मी त्या घरची लेक झाले, घरची लेक म्हणजे गावची लेक, आणि गावच्या लेकीवर कोयता उचलायचा नसतो. पोरांचा हिशेब एवढा सरळ होता. आम्हीच शहाणे तो समजायला तयार नव्हतो.

शलाकाचा सहायक नचिकेत आधी गोळ्या-बिस्किटं घेऊन आला. पोरांनी ती घेतली, खाल्ली, कागद खिशात घातले आणि परत मांडी घातली. मग त्यानं आवाज चढवला. त्यावर वैजूनं त्याच्याकडे नुसतं पाहिलं आणि तो कॅमेऱ्यामागे जाऊन काहीतरी आवरू लागला. म्हाळूदादांना गिरणी बंद करून बोलावलं. ते आले, पोरांना चार शब्द रागावले, मग त्यांना कळलं पोरं का बसलीत, आणि त्यांचा रागच ओसरला. ते शलाकाला म्हणाले की बाई, यात मला काय बोलता येत न्हाई, त्यांचं बरोबर हाय. ऊन वर चढत होतं. मी पोरांना समजावून पाहिलं की हे खोटं आहे, मला काही होणार नाही. वैजू मला म्हणाली, तू गप बस आत्ती, तुला काय कळतंय.

नचिकेतनं तोपर्यंत हातपाय गाळले होते. पोरांचे नुसते हात घेऊ, खून दुसऱ्या कुणाकडून करवू, नर्स पळून जाते असं दाखवू, असं तो एकामागून एक सुचवत होता. शलाका ऐकत नव्हती. ती पोरांसमोर जमिनीवर बसली, वैजूसारखीच मांडी घालून. इतका वेळ ती काय विचार करत होती कोण जाणे. मी दिग्दर्शक पुष्कळ पाहिलेत. अशा वेळी रागावणारे पाहिलेत, रडणारे पाहिलेत, दारू पिऊन झोपणारे पाहिलेत. पोरांकडून शिकायला बसलेली ही एकटीच.

"मारायचं नाही, कबूल," ती म्हणाली. "पण आत्ती कायमची थोडीच राहणार? ती जाणार ना?"

"जाणार की. सासरी."

"मग तिला कसं पाठवतात तुमच्याकडे?"

वैजू जरा सरसावून बसली. तिला आपल्याला ठाऊक असलेलं सांगायला फार आवडायचं. "आदी कुकू लावायचं. मग हातावर दही घालायचं. मग शिदोरी द्यायची. मग समद्यांनी संगं जायाचं, वेशीपतोर. रडायचं न्हाई. रडलं की जाणाराचा पाय निघत न्हाई. हसायचं."

"आणि मग?"

"मग म्हणायचं, परत ये."

शलाकानं विहिरीकडे पाहिलं. जुनी पायऱ्यांची विहीर, पायऱ्या थेट पाण्यात गेलेल्या. ती इतका वेळ बघत राहिली की पोरंही वळून बघायला लागली. मग तिनं हातातली पटकथेची पानं, जी तिनं कितीदा तरी पुन्हा लिहिली होती, दुमडून जवळच्या दगडाखाली ठेवली.

"चला, आत्तीला पाठवू या," ती म्हणाली.

"वेस तर तिकडं हाय," वैजू म्हणाली.

"आपल्या सिनेमात वेस इथं आहे, पाण्याशी. तुम्ही फक्त पोचवायचं, तिथवर. पुढचं तुम्ही नाही बघायचं."

पोरांनी एकमेकांकडे पाहिलं. पोचवायला कुणाची हरकत नव्हती. नचिकेतनं विचारलं की दोन बादल्या रक्त कालवून ठेवलंय, त्याचं काय करू. शलाकानं सांगितलं, ओतून टाक. माझी जखमही तिनं स्वतःच्या रुमालानं पुसली. कॅमेरा खाली, पाण्यालगत गेला. पोहणारा एक माणूस कमानीआड बसवला, कारण मला पोहता येत नव्हतं. शलाका माझ्या कानाशी आली.

"ताई, तुम्हाला कळलंय ही पोरं कुठं नेताहेत. पण ती इतक्या मायेनं नेताहेत की तुम्हाला नाही म्हणता येत नाही. एवढंच करा."

अनुसयाबाई घरून खरं दही घेऊन आल्या, फडक्यात भाकरी आणि शेंगांची चटणी बांधून आणली. कोण काय बोलणार हे त्यांनी एकदा विचारून घेतलं. कुणी तोंडानं 'मेली' म्हणणार नाही एवढी खात्री झाल्यावर त्या बाजूला जाऊन उभ्या राहिल्या.

भर दुपारी आम्ही ते दृश्य घेतलं. त्याची तालीम नव्हती. वैजूनं माझ्या कपाळाला कुंकू लावलं, तिच्या बोटाचा दाब मला अजून आठवतो. पोरं दोन्ही बाजूंनी चालू लागली. एकीनं माझा हात धरला, एकानं पदराचं टोक. सगळ्यांच्या चेहऱ्यावर हसू, मोठ्या माणसांसारखं, पाहुण्यांसमोर आणतात तसं. सगळ्यांत धाकटा पोरगा पुढे पळत होता आणि पायऱ्यांवरचे खडे वेचून बाजूला टाकत होता, आत्तीच्या पायाला लागू नयेत म्हणून. हे त्याला कुणीही सांगितलं नव्हतं. कॅमेऱ्यामागच्या माणसानं नंतर मला सांगितलं की तेव्हा त्याच्या अंगावर काटा आला.

पाण्याच्या वरच्या पायरीवर पोरं थांबली. वैजूनं माझ्या तळव्यावर दही घातलं आणि मी ते खाईपर्यंत वाट पाहिली. शिदोरी हातात दिली. टाचा उंच करून माझ्या डोक्यावर पदर घेतला, अगदी तिच्या आईनं घेतला होता तसा.

"आत्ती, परत ये बरं का," ती म्हणाली. "आमी वाट बघताव."

मी तिच्याकडे पाहिलं आणि माझे ओठ थरथरायला लागले ते थांबेनात. मी नाटकात गेले, नाटकातल्याच माणसाशी लग्न केलं, म्हणून आई गेल्यानंतर माझ्या भावानं मला दार बंद केलं होतं. लोकांना मी हसत सांगायचे की बरं झालं, दिवाळीचा प्रवास वाचला. पण त्या घरातून निघताना मला कुणी दही दिलं नव्हतं, आणि 'परत ये' हे दोन शब्द इतक्या वर्षांत मला कुणीही म्हटले नव्हते. ते ऐकायला मिळाले ते या विहिरीत, कॅमेऱ्यासमोर, मला मारायला आलेल्या पोरीकडून. मला तिला मिठी मारायची होती आणि भूमिकेत ते बसत नव्हतं. म्हणून मी वळले, शिदोरी छातीशी धरली आणि पाण्यात उतरले. गुडघ्यापर्यंत, कमरेपर्यंत. वळून पाहिलं तर सगळी पोरं तशीच हसत उभी होती. मी आणखी एक पायरी उतरले.

शलाका बराच वेळ थांबा म्हणाली नाही. मग ती स्वतः बुटांसकट पाण्यात आली आणि तिनं मला धरून वर नेलं.

"ताई, एवढी भीती कुठून आणलीत?"

त्याच संध्याकाळी सामान गाड्यांवर चढलं. कॅमेऱ्याच्या गाडीत जागा होती, ती लगेच निघत होती, म्हणून मी ओल्या केसांनीच त्यात बसले. अनुसयाबाई दृष्ट काढायला मीठ-मोहऱ्या घेऊन आल्या तेव्हा मी वळणापलीकडे गेले होते, असं मला पुढे कळलं.

सिनेमा लागला. लोकांना झोप येईना असं लोक सांगायचे. त्या शेवटच्या दृश्यावर पेपरांत रकानेच्या रकाने आले. रक्ताचा थेंब न दाखवता इतकं भयंकर मरण दाखवणारी ही कोण मुलगी, असं सगळे शलाकाबद्दल विचारू लागले, आणि ते वाचून मला स्वतःचं कौतुक झाल्यासारखा आनंद झाला. माझ्याबद्दलही लिहिलं. मृत्यूची भीती डोळ्यांत उभी करावी तर अशी, वगैरे. बक्षीसही मिळालं. मी ते घेतलं, आभार मानले आणि कुणाचीही समजूत दुरुस्त केली नाही.

मग सांगलीला सिनेमा लागला तेव्हा गावचे लोक दोन टेम्पो भरून बघायला आले. शलाकानं मलाही बोलावलं होतं. वैजू माझ्या शेजारी बसली. थेटर शहरातल्या पोरापोरींनी गच्च भरलेलं. विहिरीचं दृश्य सुरू झालं. तो धाकटा खडे वेचायला लागला तसं कुणीतरी पुढच्या रांगेत किंचाळलं, मग आणखी कुणी. एक माणूस बायकोला घेऊन उठून बाहेर गेला. वैजूनं पडद्यावर 'परत ये' म्हटलं आणि सगळं थेटर हादरलं. मी अंधारात मागे वळून पाहिलं. मागच्या तीन रांगांत आमच्या गावच्या बायका डोळ्यांना पदर लावून रडत होत्या. मोठ्यानं नाही, पाठवणीला रडतात तशा, एकमेकींचा हात धरून.

वैजू माझ्या कानाशी लागली. "हितं मी जरा लौकर हसले," ती म्हणाली. "आनखी थांबाया पायजे हुतं." मी तिच्या डोक्यावर हात ठेवला, कारण तिचं बरोबर होतं आणि ते शलाका सोडून कुणाच्याही लक्षात आलं नसतं.

बाहेर आलो तर लोक मला ओळखून जरा लांबूनच बघत होते. अनुसयाबाई त्यांच्यातून वाट काढत आल्या. मला वाटलं, सिनेमाबद्दल काही बोलतील. त्या रागावलेल्या होत्या.

"वन्सं, गेलासा त्या गेलासाच. एवढं नटवून-सजवून पाठवलं, पर पोचल्याचा सांगावा न्हाई धाडलासा. सहा म्हैनं जीव टांगणीला. हे इचारत्यात, पोरं इचारत्यात. काय सांगायचं म्या?"

पुष्कळ वाक्यं पाठ असलेली बाई मी, आणि भररस्त्यात माझ्या तोंडून एकच निघालं.

"पोचले, वयनी."

"आता सांगतायसा," त्या म्हणाल्या, आणि माझ्या गालावरून हात फिरवून त्यांनी बोटं स्वतःच्या कानशिलावर मोडली. "पंचमीला तुमचं दादा न्यायला येतील. तयार ऱ्हावा."

मी हो म्हटलं. बोलण्याच्या भरात माणसं म्हणतात, तसंच हेही असेल, असं मनाशी म्हणत मी पुण्याला परतले आणि वाट बघायची नाही असं ठरवलं.

नागपंचमीच्या आदल्या दिवशी सकाळी दाराची बेल वाजली. माझ्या नवऱ्यानं दार उघडलं. बाहेर म्हाळूदादा उभे होते, धुतलेल्या पांढऱ्या कपड्यांत, रात्रभर एसटीत बसून आलेले, डोक्यावरची टोपी हातात. त्यांनी आत पाऊल टाकलं नाही. उंबऱ्याबाहेरूनच नवऱ्याला नमस्कार केला आणि म्हणाले, "पावणं, भैणीला न्यायला आलोया. धाडताय न्हवं?"

मी त्यांना पाणी दिलं आणि पिशवी भरायला आत गेले.